आईच्या तोंडचं वाक्य

सिनेमा शिकून मालवणला परत आलेल्या माझ्या मैत्रिणीने एक प्रयोग सुरू केला होता. घरातलं जे माणूस आता नाही, त्याचे कपडे घालायचे, ते जिथे उभं राहायचं तिथे उभं राहायचं आणि त्याच्या तोंडचं एक वाक्य, आठवेल तसं, कॅमेऱ्यासमोर बोलायचं. आपल्यात ते माणूस किती उरलंय, हे तिला बघायचं होतं. तिने मला विचारलं, तेव्हा मी लगेच हो म्हटलं. मी त्यात माझी आई होणार होते, आणि वाक्यही मनात तयार होतं.

मी कोल्हापूरला शिकत असताना सुट्टी संपवून निघाले की आई घरापुढच्या खळ्यात येऊन म्हणायची, "पोचलंस काय फोन कर गो, नायतर जिवाक घोर लागता." आई गेली आणि ते वाक्यही घरातून गेलं. पुढे मी ओरोसच्या कचेरीत लागले, रोज एसटीने जाऊ-येऊ लागले, पण निघताना तसं कुणी म्हटलं नाही.

बाबांना हे सांगायचा धीर मात्र झाला नाही. आई गेल्यापासून ते तिचा विषयच काढत नसत. एका सकाळी ते मासळी आणायला गेले, तेवढ्यात आम्ही चित्रण उरकलं. आईची अबोली रंगाची साडी मी कपाटातून काढली. नेसताना निऱ्या पुन्हा पुन्हा सुटत होत्या. मैत्रीण म्हणाली, "घाबरतंस कित्याक? ह्यात चुकण्यासारखां काय आसा?" मी खळ्यात उभी राहून वाक्य एका दमात बोलले. नंतर साडीची घडी काही केल्या पहिल्यासारखी बसेना. बाबांच्या पावलांचा आवाज आला तशी मी ती तशीच कपाटात कोंबली.

सिनेमा बंदराजवळच्या एका रिकाम्या शेडमध्ये दाखवायचं ठरलं. मी बाबांना बोलावणार नव्हते. पण शेजारच्या काकींनी खळ्यातूनच हाक मारून सांगितलं, "तुमचां चेडू सिनेमात आसा, बगूक चला." बाबांनी माझ्याकडे पाहिलं आणि एवढंच म्हणाले, "बगूया."

त्यानंतरचे दिवस मी कसे काढले, माझं मला माहीत. जेवण जाईना. एकदा तर विचारांच्या नादात एसटीतून माझ्या थांब्यावर उतरायचंच विसरले. साडी बघून बाबा भरल्या गर्दीत रडले तर? चिडले तर? आणि सगळ्यात मोठी भीती ही, की त्यांना त्यात आई दिसलीच नाही तर?

ठरलेल्या संध्याकाळी शेड भरली. आधी पांढऱ्या पडद्यावर कुणाचे आजोबा आले, कुणाची आत्या आली. मग आमचं खळं उमटलं आणि मी दिसले. माझं वाक्य झालं, मागे कुणीतरी हुंदका दिला. बाबा उठले आणि बाहेर गेले.

मी धावतच त्यांच्या मागे गेले. ते किनाऱ्यावर ओढून ठेवलेल्या होडीला टेकून उभे होते.

"बाबा, साडीचं मी तुम्हाला आधी सांगायला हवं होतं."

"साडयेचां काय नाय," ते म्हणाले. "तां बोलणां तुज्या आवशीचां न्हय. तां माजां."

मला काही कळेना. "आईच म्हणायची ना, मी निघताना?"

"तिका कसलो घोर? तू भायर पडलंस काय ती आपल्या कामाक लागायची. घोर माका. ती गेली, तेव्हापासून मी सांगायचां सोडलंय."

मी आठवून पाहिलं. खळं आठवलं, हातातली बॅग आठवली, ते शब्द आठवले. पण ते म्हणणारा चेहरा आता आईचा होईना आणि बाबांचाही होईना. एवढं खात्रीचं वाक्य चुकलं, तर बाकीची आई तरी खरी कशावरून?

मैत्रिणीला म्हटलं, माझा भाग काढून टाक. ती म्हणाली, आता तर तो राहायलाच हवा, फक्त बाबांचं म्हणणं त्याला जोडूया. बाबा तिच्यावर उखडले, "मी जितो आसंय, माका सिनेमात कित्याक घालतंस?" शेवटी माझा भाग होता तसाच राहिला. अजून कुणी त्याचं कौतुक केलं की मला कानकोंडं होतं.

तेव्हापासून मी बाबांना आईबद्दल विचारत सुटले आहे. वैभववाडीला माहेरी निघाली की ती गाडीत गाणं गुणगुणायची का? "खरां." मला ताप आला की रात्रभर उशाशी बसायची का? "तां तुजी आत्या." कधी ते म्हणतात, "म्हायत नाय." त्या उत्तराची मला सगळ्यात जास्त धास्ती वाटते, कारण आत्याही आता नाही, आणि विचारायला घरातलं दुसरं कुणी उरलेलं नाही.

काल असंच विचारता विचारता ते वैतागले. "पुरे आता!" म्हणून उठून आत गेले. थोड्या वेळाने ते आपण होऊन दारात आले.

"तिका पोवाक येय, म्हायत आसा तुका? माका अजून येणा नाय."

आईला पोहता यायचं, हे मला माहीत नव्हतं.

"खंय शिकली?" मी विचारलं.

बाबांनी खुर्ची पुढे ओढली आणि बसले.