माझा भूकंप डावीकडे झुकायचा

डॉक्टरांनी फिल्म दिव्यासमोर धरली आणि डाव्या कानामागच्या पांढऱ्या ठिपक्यावर पेन टेकवलं. "अकूस्टिक न्यूरोमा," ते म्हणाले. म्हणजे कानाकडून मेंदूकडे जाणाऱ्या नसेवर वाढलेली गाठ. कॅन्सर नव्हे, पण हळूहळू वाढत मेंदूवर दाब आणणारी. मला चक्क हसू आलं. शेजारी बसलेले माझे यजमान, श्रीकांत, दचकून माझ्याकडे बघायला लागले. बायकोचं डोकं फिरलं असं त्यांना वाटलं असणार. मला मात्र ते फिरलेलं नाही, याचाच आनंद झाला होता.

कुणाला उपयोग होईल म्हणून लिहितेय, तेव्हा थोडं मागचं सांगते.

२००१ च्या प्रजासत्ताक दिनी सकाळी अहमदाबादेतली आमची इमारत भूकंपात कोसळली. श्रीकांत तेव्हा कतारमध्ये, दोह्याला नोकरीत होते. घरात मी आणि सासूबाई. दिवसभर आम्ही दोघी स्लॅबखाली हातात हात धरून पडून होतो. संध्याकाळी जिवंत बाहेर काढलं ते मला एकटीला.

श्रीकांतांनी लवकरच मला दोह्याला आणलं. तिथल्या ओल्ड एअरपोर्ट नावाच्या वस्तीत तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट घेतला, पुढे मुग्धा झाली. "इथे भूकंप होत नाहीत," हे त्यांनी मला इतक्या वेळा ऐकवलं, जणू कंपनीने करारातच लिहून दिलं होतं. आपल्या आईंबद्दल मात्र त्यांनी कधी एक अक्षर विचारलं नाही.

काही वर्षं बरी गेली आणि मग जमीन हलायला लागली. भाजी परतताना ओटा कलायचा, मी त्यालाच धरून उभी राहायचे. कानात बारीक गुणगुण चालू असायची, लांब कुठे मोटर चालू असल्यासारखी. पंख्याकडे बघावं तर पंखा स्थिर. ग्लासातलं पाणी स्थिर. एकट्या मलाच कळतंय आणि आता कुठल्याही क्षणी सगळं खाली येणार, असं वाटायचं. मुग्धा झोपली की मी भिंतींवर तडे शोधत फिरायचे.

"धसका बसलाय गं तुला, जाईल हळूहळू," मैत्रिणी म्हणायच्या. पहिल्या डॉक्टरांनी 'अँक्झायटी' लिहिलं, म्हणजे मनाची धास्ती, आणि गोळ्या दिल्या. मलाही ते पटलं. भारतातून फोन आला की डाव्या कानाला नीट ऐकू यायचं नाही, मी लाइनला शिव्या द्यायचे आणि रिसीव्हर उजव्या कानाला लावायचे.

एका दुपारी मुग्धा जमिनीवर चित्र रंगवत होती. सोफा हलला. मी सवयीने म्हणाले, "काही नाही गं, मम्मीला होतं तसं."

"मम्मी, मला पण होतंय!" ती ओरडली. "इट्स मूव्हिंग!"

तिला काखोटीला मारून मी अनवाणी जिना उतरले. सगळी इमारत रस्त्यावर आली होती. इराणात मोठा भूकंप झालाय, असं कुणी तरी सांगितलं. मी त्यांच्यात उभी होते आणि मला संताप येत होता. आत्ताचा धक्का इकडून तिकडे हलवून गेला होता. रोजचा माझा मात्र नेहमी डावीकडेच झुकायचा. खरा भूकंप कसा असतो, हे मला कुणी शिकवायला नको. माझं रोजचं हलणं म्हणजे जुना धसका नव्हता, दुसरंच काही तरी होतं.

डावीकडचाच कान नीट ऐकत नाही हेही ध्यानात आलं, म्हणून कानाच्या डॉक्टरांकडे जाऊन हे सगळं सांगितलं. त्यांनी लगेच ऑडिओमेट्री करायला लावली. बंद खोलीत हेडफोन लावतात, आवाज आला की बटण दाबायचं. उजवा कान झाला. डाव्याची तपासणी कधी सुरू होते याची मी वाट बघत बसले, तर तपासणारी मुलगी दार उघडून म्हणाली, "खलास मॅडम, डाव्याचीही झाली."

मग एमआरआय, म्हणजे नळकांड्यात निजवून डोक्याच्या आतले फोटो काढतात. आत सरकवल्याबरोबर मला स्लॅब दिसला. मी घंटी दाबून बाहेर आले. पुढच्या खेपेला 'सेडेशन' दिलं, म्हणजे गुंगीचं इंजेक्शन, आणि श्रीकांत माझी पावलं धरून उभे राहिले. तेव्हा फोटो निघाले.

"गाठ काढावीच लागेल," डॉक्टर म्हणाले. "डावा कान वाचेल असं धरून चालू नका. मेंदूजवळचं काम आहे."

मरणाची भीती वाटलीच. पण त्याहून एक गोष्ट जास्त खात होती. मी ऑपरेशनच्या टेबलावरून उठले नाही, तर सासूबाईंचं शेवटचं बोलणं ऐकलेलं माणूसच उरणार नव्हतं. दवाखान्यात दाखल झाले त्या दिवशी मी सुरुवात केली, "अहो, आई त्या दिवशी..."

"आत्ता नको," म्हणून ते पाणी आणायला निघून गेले.

ऑपरेशन झालं आणि मी उठले. डावा कान गेला, तोंड काही महिने वाकडं राहिलं. एक मल्याळी सिस्टर मला रोज दंडाला धरून कॉरिडॉरमधून चालवायची, तिचे उपकार मी विसरणार नाही. तुमच्या आयुष्यात मोठं काही घडून गेलं असेल, तर पुढचं प्रत्येक दुखणं लोक त्याच्याच माथी मारतील, तुम्ही स्वतःही माराल. ऐकू नका. तपासून घ्या.

घरी आल्यावर एका शुक्रवारी श्रीकांत माझ्या डावीकडे बसून काही तरी बोलले. मला ऐकू गेलं नाही. त्यांच्या लक्षात आलं, तसे ते उठून उजवीकडे येऊन बसले आणि त्यांनी पुन्हा विचारलं.

"आई काही बोलली होती का गं?"

"दुपारपर्यंत बोलत होत्या. शेवटी म्हणाल्या, दुधाखालचा गॅस बंद केलास ना गं?"

"मग?"

"मी म्हटलं, हो आई, केला. तर म्हणाल्या, मग पड आता जरा."

श्रीकांत हसले, कारण अगदी आईच होती ती. मग माझा हात धरून ते रडायला लागले. त्यांना आईसाठी रडताना मी पहिल्यांदाच बघत होते.