टायपिंगच्या बाईंकडचे तीन दिवस

अंबरनाथ पश्चिमेला टायपिंगचा क्लास चालवणाऱ्या आमच्या बाई आमच्याकडे पाठ करून बसत आणि नुसत्या खटखटीवरून माणूस ओळखत. ‘‘सुनंदा, घरी भांडून आलीस का गं? मशीनवर कशाला राग काढतेस?’’ त्या मागे न बघता म्हणत, आणि मी खरंच भांडून आलेली असे.

नव्वदचं दशक संपता संपता बाईंनी एक कॉम्प्युटर घेतला, इंटरनेटही जोडून घेतलं. मी बी.कॉम. होऊन घरी बसले होते. दुकानात भाव विचारतानाही माझा आवाज जायचा. पण बाईंच्या कॉम्प्युटरवर, अनोळखी लोक टोपणनावाने लिहून गप्पा मारायचे त्या चॅट रूममध्ये, मी ‘राणी’ होते, आणि राणीला काय वाट्टेल ते बोलता यायचं. बाई म्हणायच्या, ‘‘पलीकडे माणूस दिसत नाही, म्हणून तो नाहीच असं वाटायला लागतं. जपून हो.’’ मी हसून सोडून द्यायची.

तिथे ‘गुमनाम’ नावाचा एकजण यायचा. उल्हासनगरच्या कॅम्प दोन या भागात कामाला होता. बोलताना अडखळतो, म्हणून लिहायला आवडतं, असं त्याने एकदा सांगितलं होतं. एका दुपारी मी त्याच्या अडखळण्याची नक्कल टाईप केली. रूममधले सगळे हसले, म्हणून आणखी केली. शेवटी त्याने लिहिलं, ‘‘अब नहीं लिखूंगा. स्टेशन जा रहा हूँ.’’ आणि त्याचं नाव दिसेनासं झालं.

स्टेशन म्हणजे रूळ, एवढंच माझ्या डोक्यात आलं. मी बाईंना सगळं सांगितलं. त्या रागावल्या नाहीत, त्याचीच जास्त भीती वाटली.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी कॅम्प दोनमध्ये गेलो. दुकानामागून दुकान, शिलाईच्या कारखान्यामागून कारखाना. बाई मोडक्या हिंदीत विचारत, ‘‘भाईसाब, आपके यहाँ कोई अटक अटक के बोलता है क्या?’’ एक सिंधी शेठ म्हणाले, ‘‘माताजी, यहाँ तो कोई बोलना बंद ही नहीं करता.’’ एरवी मी हसले असते. त्या दिवशी मान खाली घालून काम करणारा प्रत्येकजण मला तोच वाटत होता. आणि तो त्यांच्यात नसलाच तर?

तिसऱ्या दिवशी दुपारी ते नाव पुन्हा दिसलं. बाईंनी खांद्यावर हात ठेवला. मी माझं खरं नाव लिहिलं, माफी मागितली. मग उत्तर आलं, ‘‘बहुत देर प्लॅटफॉर्म पे बैठा रहा. फिर माँ याद आयी. घर गया.’’ त्यानंतर तो कधी आला नाही.

पुढे बाईंनी क्लास बंद केला आणि बहिणीकडे बदलापूरला राहायला गेल्या. सामान बांधायला मी गेले होते. दोरीची गाठ मारता मारता त्या अचानक थांबल्या.

‘‘सुनंदा, तू त्याची नक्कल केलीस त्या दुपारी मी तुझ्या मागेच उभी होते गं. सगळं वाचत होते.’’

मी हातातलं खोकं खाली ठेवलं.

‘‘मग थांबवलं का नाही, बाई?’’

‘‘मलाही हसू येत होतं,’’ बाई म्हणाल्या, आणि आजवर कधी नाही ते माझ्यासमोर रडल्या.