गोणीची उलटी बाजू

मार्चमधल्या एका सोमवारी सकाळी अकरा वाजता एक माणूस चिकलठाण्यातल्या माझ्या एडिटिंगच्या खोलीवर आला आणि त्यानं अर्धवट फिल्मची कॉपी मागितली.

वय पस्तिशीच्या आसपास, हातात हेल्मेट. "मॅडम, आमच्या आत्यावर पिच्चर काढताय म्हणं. लई भारी. घरच्यांना बघायचंय."

फिल्म त्याच्या आत्यावर होती. सत्तरी ओलांडलेली ही बाई वैजापूर तालुक्यातल्या एका खेड्यात एकटी राहते. खताच्या रिकाम्या गोण्या उलटवून पांढऱ्या बाजूवर मार्करनं माणसांबद्दल लिहिते. एका गोणीवर एक माणूस. सरपंचाची गोणी सर्वांत लहान आहे. वर्तमानपत्रातली नोकरी सोडल्यापासून मी अशाच, पुस्तक न निघालेल्या लिहिणाऱ्यांवर फिल्म करते.

काम व्हायचंय, असं मी सांगितलं. तो उठला. दारात वळून म्हणाला, "त्यात आत्या सोता लिहिताना दिसती ना?"

त्या प्रश्नानं शंका आली; गावात चौकशी केली तेव्हा दाव्याचं कळलं, आणि पुढच्या आठवड्यात मी वैजापूरच्या कोर्टातून कागद काढले. आत्यानं भावावर, म्हणजे त्या माणसाच्या वडिलांवर, दावा लावला होता. वडिलांच्या जमिनीतला हिस्सा सोडल्याचं हक्कसोडपत्र रद्द करा, अशी मागणी होती. कारण दिलं होतं: आपण निरक्षर आहोत, मजकूर वाचून दाखवला गेला नाही. हक्कसोडपत्रावर अंगठा होता. दाव्यावरही अंगठा.

खोलीवर येऊन मी चित्रीकरण पुन्हा पाहिलं. भावाची गोणी तिनं कॅमेऱ्यासमोर स्वतःच वाचली होती. "आज भावानं तालुक्याला नेलं. पेढा दिला. कागद वाचून दाव म्हणलं, तर म्हणला घरी गेल्यावर वाचू." गोणीवर खत कंपनीनं छापलेलं वर्ष हक्कसोडपत्राचंच होतं. मजकूर वाचून दाखवला नव्हता, हे त्यात होतं. तिला लिहिता येत होतं, हेही त्यातच होतं.

ती माझ्याशी खोटं बोलली होती की कोर्टाशी, हे विचारायला मी गावी गेले. भाचा येऊन गेल्याचं आधी सांगितलं.

"काय दिलंस त्याला?"

"काही नाही, मावशी."

"मंग त्याला सांगितलं कुणी?"

"मला माहीत नाही."

तिनं माझा फोन बाहेर ओट्यावर ठेवायला लावला. बॅगही. मग बोलली. लिहायला ती लग्नानंतर, मुलीच्या शाळेच्या पुस्तकांवरून शिकली. माहेरी कुणाला ठाऊक नव्हतं.

"त्या दिवशी कागद तुम्हीच का नाही वाचलात?"

"भावाच्या तोंडावर? माझ्यावर भरोसा नाय व्हय, म्हणला असता."

"आणि दाव्यात निरक्षर लिहिलंय, ते?"

"वकील म्हणला, अंगठा हाय तर निरक्षरच लिवावं लागंल." मग तिनं विचारलं, "तू दाखवलंस तर जमीन जाती का?"

"जाऊ शकते."

"तुझं काय जातं?"

वर्षभराचं काम होतं. बॅग आत आणून संमतीपत्र काढलं. तिनं दोन्ही पानं ओठ हलवत वाचली. गावाच्या नावातली वेलांटी चुकली होती, ती मला दुरुस्त करायला लावली. मग शेवटी एक ओळ घालून घेतली: दावा संपेपर्यंत फिल्म आणि चित्रीकरण कुणालाही दाखवू नये.

"शाईचा पॅड आणलास?"

"सही चालेल."

"तुला चालंल."

तिनं गोण्यांचा मार्कर अंगठ्यावर घासला आणि ठसा दिला.

भाचा नंतर दोनदा येऊन गेला. माझा पत्ता त्याला कुणी दिला, ते शेवटपर्यंत कळलं नाही. दुसऱ्या खेपेला त्यानं चहा घेतला आणि कपाटाला कुलूप का आहे, असं विचारलं.

पुढच्या वर्षी दावा आपसात मिटला. सातबाऱ्यावर तिचं नाव लागलं, त्याचा उतारा मी पाहिला आहे. तडजोडीच्या कागदावर तिनं सही केली आहे.