सासूबाईंची म्याच

माझी बायको वारली त्या दिवशी आमची मुलगी अकरा दिवसांची होती. सकाळी ताप चढला, दुपारी डॉक्टर येऊन गेले, दिवेलागणीला ती गेली. तेराव्याला नातेवाइकांनी बसून ठरवले, की मूल सहा महिन्यांचे होईपर्यंत सासूबाईंनी इथे औरंगाबादेतच राहावे आणि मग त्याला घेऊन गंगापूरकडच्या आपल्या गावी जावे. पुरुषमाणूस एकटा तान्हे मूल कसे सांभाळणार, असे सगळे म्हणाले. मुलगी माझ्याजवळ राहावी एवढेच मला म्हणायचे होते, पण ते वेळेवर तोंडातून निघाले नाही. मी कॉलेजच्या ग्रंथालयात नोकरीला होतो आणि दिवसचे दिवस न बोलता काढायची मला सवय होती.

सासूबाईंइतके फुटबॉल कळणारे माणूस मी माझ्या आयुष्यात दुसरे पाहिले नाही. हे मी विचार करून लिहितो आहे. त्यांना अक्षरओळख नव्हती, मैदानावर एका बाजूला किती गडी असतात हे त्यांनी कधी मोजले नाही, आणि एकाही खेळाडूचे नाव त्यांनी जन्मात धड घेतले नाही. तरी पंचाची शिट्टी वाजायच्या आधी त्यांची मान नकारार्थी हललेली असे, आणि पुढे शिट्टीही त्याच बाजूने वाजे. त्या बाळंतपणासाठी आमच्याकडे आल्या होत्या, शहरात दवाखाना होता म्हणून. वय पंचेचाळिशीच्या आत. सासरे आधीच गेलेले, शेती मुलगा पाहत होता. कपाळ झाकेल एवढा पदर, आवाज मात्र चार वावरांपलीकडे पोचणारा.

आता त्यांच्या घरची रीत अशी, की सासूने जावयाशी तोंडातोंडी बोलायचे नाही. बायको होती तोवर अडचण नव्हती. दोन्हीकडचे निरोप ती पोचवायची. ती गेल्यावर मधली जागा रिकामी झाली आणि सासूबाईंनी त्या जागेवर मुलीला नेमले. "चिमे, सांग तुझ्या बापाला, भात झालाय," असे त्या पाळण्याकडे तोंड करून म्हणाल्या तेव्हा चिमी पंधरा दिवसांची होती. मीही पाळण्याकडे पाहून "येतो म्हणावं" असे म्हणालो. तेव्हापासून आमच्या घराचा सगळा कारभार चिमीच्या मार्फत चालला. "चिमे, इचार तुझ्या बापाला, कंदिलात राकेल हाय का नाय." "चिमे, बापाला म्हणावं, ताटात टाकायचं आसंल तर वाढून घेऊ नये." एकदा दुपारी मी वाचत बसलो होतो आणि पायाशी विंचू निघाला. सासूबाईंनी तो पाहिला, पण चिमी झोपली होती. त्यांनी आधी तिला हलवून उठवले, तिने डोळे उघडेपर्यंत वाट पाहिली आणि मग सांगितले, "चिमे, तुझ्या बापाला म्हणावं, पाय वर घ्या. इच्चू हाय." पुढे ही सवय त्यांना इतकी लागली, की दूधवाला, पोस्टमन, शेजारच्या बाई, सगळ्यांशी त्या चिमीमार्फतच बोलत. दूधवाल्याशी मात्र फार दिवस बोलावे लागले नाही. त्याच्या दुधात पाणी असते असे त्याला चिमीकडून कळवून त्यांनी गावाहून एक शेळी मागवून घेतली आणि अंगणात बांधली.

घर गप्प होते आणि बहुधा त्याचाच चिमीला त्रास होत असावा. रोज पाचच्या सुमाराला ती रडायला लागे ती दिवे लागेपर्यंत. मी एकच पान पुन्हापुन्हा वाचत बसे. आम्ही किलेअर्काजवळ दोन खोल्यांत राहत होतो आणि आमखासच्या मैदानावरचा गलका वाऱ्यावर घरापर्यंत येई. एका संध्याकाळी सासूबाई रडत्या मुलीला खांद्यावर टाकून त्या गलक्याच्या दिशेने चालत गेल्या. परत आल्या तेव्हा चिमी गाढ झोपलेली. "चिमे," त्या झोपलेल्या मुलीला हळूच म्हणाल्या, "सांग तुझ्या बापाला, हजारभर माणूस वरडत व्हतं, तवा तुझा डोळा लागला. तुला माणसं पायजेत." त्यानंतर खेळ असेल त्या दिवशी घरी स्वयंपाक लवकर होई.

मैदानावर बायकांसाठी एका बाजूला कनात लावलेली असे आणि तिच्याआड अधिकाऱ्यांच्या घरच्या चार बायका बसत. सासूबाई तिथे एकदाच बसल्या. "कनातीतून निस्ते पाय दिसत्यात," म्हणून दुसऱ्या दिवशी त्या सरळ पुरुषांत जाऊन रेघेजवळ बसल्या. निजामाचे राज्य संपवणाऱ्या पोलीस ॲक्शनला तेव्हा तीन-चार वर्षेच झाली होती. चारचौघांत कोणी कोणाशेजारी बसावे याचा लोक मनात विचार करत आणि मगच बसत. सासूबाईंनी ऊन कुठून येते एवढेच पाहिले आणि हिमरू विणणाऱ्या एका म्हाताऱ्या चाचांच्या शेजारी पदर सारखा करून बैठक मारली. चाचा दोन दिवस अंग चोरून बसले. तिसऱ्या दिवशी ते स्वतःच पुढच्याला म्हणाले, "अरे हट ना, बच्ची कू हवा आने दे." मग मागच्यांकडे वळून, "चिल्लाव, चिल्लाव, चुप कायकू बैठे? बच्ची उठ जाती." चाचा चिमीला कडेवर घेत तेव्हा सासूबाई मोकळ्या हाताने खेळाडूंची परीक्षा करत. ती बैलबाजारातलीच होती. एकाचा खूर चांगला, एकाची चाल आखूड, एक नुसता शिंगं हलवणारा. टक्कल असलेल्या खेळाडूला त्या कपाळ्या म्हणत. ऑफसाईड काय असते हे मी कोशात वाचले होते आणि मला कळले नव्हते. सासूबाईंनी ते चिमीला एका वाक्यात समजावले. "त्यो बग, बाकीचे मागं राबत्यात आन् ह्यो आदीच पिकात जाऊन उभा." चाचा म्हणाले, "सच बोले खाला."

गोलरक्षक मात्र त्यांचा जिवाभावाचा. त्याला त्या राखणदार म्हणत. एकदा मध्यंतरात त्यांनी पदराच्या गाठीतले मीठ-मोहरी काढून, थेट गोलापाशी जाऊन, सगळ्या प्रेक्षकांसमोर त्याची दृष्ट काढली. सहा फुटांचा तो गडी खाली मान घालून निमूट उभा राहिला. विरुद्ध बाजूने हरकत घेतली. तेव्हा सासूबाई दुसऱ्या टोकाला गेल्या आणि त्यांच्याही राखणदाराची दृष्ट काढली. घरी येऊन म्हणाल्या, "चिमे, राखणदाराचं लई वंगाळ. समद्यांच्या मागं एकला उभा. बोलाया कुणी नाय. तुझ्या बापावानी हाय त्यो."

त्या हिवाळ्याच्या शेवटी मोठे सामने भरले. हैदराबादेकडचा एक आणि मुंबईकडच्या गिरणीचा एक, असे पगारी खेळाडूंचे संघ आले. चेंडूमागे पळायचा महिन्याचा पगार मिळतो हे सासूबाईंना चाचांनी सांगितले. त्यांनी चिमीला विचारले, "आन् जे त्येंच्या मागं पळत्यात, शिट्टी वाजवत, त्येंना बी?" शेवटचा सामना ज्या दिवशी होता, त्याच दिवशी सकाळी माझा मेहुणा गावाहून आला. सहा महिने झाले होते. साडेपाचच्या मोटारीने आई आणि भाची यांना घेऊन जायचे असे तो म्हणाला. सासूबाईंनी ट्रंक भरली, चिमीची झबली भरली, वाटी-चमचा भरला. मी उंबऱ्याशी उभा राहून ते पाहत होतो. मग त्या म्हणाल्या, "चिमे, तुझ्या मामाला सांग, म्याच बगून जायाचं. आन् बापाला म्हणावं, आज तिकीट हाय, दारावर गर्दी आसंल. संगं चला."

असे आम्ही मैदानावर गेलो. मी पहिल्यांदाच. रेघेजवळ चाचा, त्यांच्या शेजारी सासूबाई, मग मेहुणा, ट्रंक, वळकटी, आणि ट्रंकेपलीकडे मी. बाहेर टांगा थांबवून ठेवलेला. वेळ संपत आली तरी दोन्ही बाजूंची बरोबरी होती. मेहुणा सारखा उठून बसत होता.

"आई, चल ना. मोटार काय आपली वाट बगनाराय का?"

"चिमे, मामाला सांग, निकाल लागल्याबिगर उठत नसत्यात."

"बरोबरी झाली की निकालच की."

"नाय. मंग आजून खेळवत्यात," सासूबाई म्हणाल्या. "चाचानं सांगितलंय."

"हौ," चाचा म्हणाले. "आधा घंटा और."

मेहुण्याने कपाळाला हात लावला. जादा वेळ सुरू झाला तशी पुढची माणसे उभी राहिली. सासूबाईही उठल्या. मग त्या मागे वळल्या, ट्रंकेवरून वाकल्या आणि चिमीला माझ्याकडे देत म्हणाल्या, "धरा." मी धरले. "मान सांभाळा," त्या म्हणाल्या आणि वळून खेळ पाहू लागल्या.

सहा महिन्यांत मी चिमीला नीट घेतलेच नव्हते. माझ्या हातून काहीतरी होईल अशी भीती वाटे. ती माझ्या सदऱ्यावर गाल टेकवून, तोंड उघडे टाकून झोपली होती. भोवती माणसे ओरडत होती आणि तिच्या श्वासाची ऊब मला कापडातून लागत होती. अर्धा तास मी हललो नाही. कोण जिंकले ते मला माहीत नाही. सासूबाईंनी नंतर अनेकदा सांगितले, पण दर वेळी मी विसरलो.

गर्दी पांगल्यावर मेहुणा म्हणाला, "गेली मोटार."

"व्हय. ट्रंक टांग्यात टाक. घराकडं घे म्हणावं."

"आन् उद्या?"

"उद्या तू जा. हरबरा काढाया आला आसंल."

"आन् चिमी? दाजी, तुमीच बोला की काय त्ये."

सासूबाईंनी माझ्याकडे पाहिले. पदर कपाळावरून किंचित मागे सरकला होता. मी म्हणालो, "चिमी इथंच राहील. आई, तुम्हीपण राहा." सहा महिने अडलेले बोलणे एवढेच होते, ते बोलायला काहीच वेळ लागला नाही. सासूबाईंनी पदर पुढे ओढला. चिमी माझ्या खांद्यावर होती, तिच्याकडे पाहून त्या म्हणाल्या, "चिमे, सांग तुझ्या बापाला, शेळीला पाला घालायचा ऱ्हायलाय. पाय उचला."

त्या वीस वर्षे राहिल्या. चिमीला बोलता येऊ लागले तेव्हा निरोप खरोखरच पोचू लागले, पण वाटेत बदलूनही येऊ लागले. "आजी म्हणते, तुम्ही दमलाय, मला गोष्ट सांगा," असे निरोप सासूबाईंनी दिले नसणार. चाचा गेल्यावर सासूबाईंनी मैदानावर जाणे सोडले. शेजारी बसायला माणूस नाही, असे त्यांनी चिमीकडून कळवले.

मग चिमी शिकायला पुण्याला गेली आणि घरात आम्ही दोघे उरलो. मधे कोणीच नव्हते. पहिले चार दिवस आम्ही जवळजवळ बोललोच नाही. मी ताट वाढलेले दिसले की जेवायला बसत असे. पाचव्या दिवशी मी पुस्तक वाचत होतो आणि जेवण निवत होते. सासूबाई भिंतीवरच्या माझ्या बायकोच्या फोटोसमोर जाऊन उभ्या राहिल्या. इतक्या वर्षांत त्यांनी त्या फोटोला कधी हात लावला नव्हता, मुलीचे नाव तोंडातून काढले नव्हते. "शांते," त्या म्हणाल्या, "सांग तुझ्या नवऱ्याला, ज्येवून घ्या म्हणावं." मी उठलो, हात धुतले आणि जेवायला बसलो. त्यानंतरची तीन वर्षे आमचे बोलणे असेच चालले.

सासूबाई जाऊन आता पुष्कळ वर्षे झाली. चिमी पुण्यालाच असते. ती सुखात आहे, तिला नातू झाला आहे. फुटबॉल तिला कळत नाही. या घरात मी एकटा असतो, आणि जेवायची वेळ माझी मीच ठरवतो.