शूटिंगमधलं लगन

कचेरीत फायली जागच्या हलत नाहीत, किस्से मात्र भराभर पुढं सरकतात. जैनथच्या मंडल, म्हणजे तालुका कचेरीत मी कारकून होतो, तवाचे हे किस्से. आमचा मुलूख आंध्रात होता, तो टाइम. आमची टायपिस्ट सुनंदा, भाजी पिकवणाऱ्या विठोबाजीची पोट्टी, एक हंगाम सिनेमाची हिरोईन झाली!

हैदराबादची चार पोरं अन् एक कॅमेरा, एवढीच कंपनी. हिरो म्हणून आमचाच रेकॉर्डकीपर भास्कर धरला. डायलॉग म्हणताना त्याचे कान लाल होत.

*

शूटिंगच्या पहिल्या दिवशी सुनंदानं रजेच्या अर्जात खरं कारण लिहिलं : 'बाप मेल्यावर रडायचे आहे.'

साहेबांनी रजा मंजूर केली अन् जीप काढून सांत्वनाले तिच्या खेड्यावर गेले. दार उघडलं विठोबाजीनं! साहेब ओट्यावरच बसले. "पाणी द्या," एवढंच बोलले.

*

वांग्याच्या वावरातून हिरो धावत येते, असा सीन. सात रिटेक! आठव्याले विठोबाजी ओरडले, "नुसता काऊन पळून राह्यला? येता येता वांगे तोड!"

डायरेक्टरनं तोच शॉट घेतला.

*

मंग लगनाचा सीन. पब्लिक पाहिजे म्हणून मीच गावाले जेवण सांगाले लावलं. गाव आलं ते आहेर घेऊन! "फुकटचं जेवाले आमी काय भिकारी हाओत?"

भटजी त्याहून खमके. दोन मंगलाष्टकांवर डायरेक्टर ओरडला, "कट!"

भटजी भडकले, "मी अर्धवट लगन लावत नसतो!"

सप्तपदीसकट पुरं लावलं. कॅमेऱ्यातलं रीळ कवाच संपलं होतं.

*

सिनेमा कोण्या टॉकीजात लागला नाही. पण सुनंदाले किनवटकडचं चांगलं स्थळ आलं. पोराचा बाप गावात चौकशीले फिरला, तर ज्याले विचारावं तो म्हणे, "लगन? झालं ना तिचं! म्या सोता भांडं देलं."

विठोबाजी धावत माझ्याकडं आले. पोरीचं स्थळ हातचं जाते, अन् जेवणाची आयडिया माझी!

*

पोराच्या बापानं अट घातली : भास्करनं पंचांसमोर फारकती लिहून द्यायची, मंगच साखरपुडा.

देवळापुढं सतरंजी पडली. मजकूर मीच लिहिला. गवाहांच्या सह्या झाल्या. विठोबाजी हात जोडून बसले. भास्करच्या हाती पेन देलं, तर तो बसूनच राह्यला.

मी कोपर मारलं, "अरे, कर ना सही!"

"नाही देत मी फारकती."

अरे बापा! विठोबाजी रडकुंडीले आले, "सुनंदे, तू तरी सांग बाई याले!"

सुनंदा खांबाजवळ उभी होती.

"बाबा," ती म्हणाली, "मी मांगतली काय फारकती?"