शंभराव्या भागातला नमस्कार

आमच्या मालिकेचा शंभरावा भाग लोकांना फार आवडला म्हणतात. अजूनही कुणी ना कुणी त्यातला तुकडा मला मोबाइलवर पाठवतं आणि खाली हसून हसून लोळणाऱ्या चेहऱ्यांची रांग लावतं. माझ्या डोक्यात तिडीक जाते. मी उत्तर देत नाही, कारण दिलं तर शिवीच देईन.

‘आमची मालिका’ म्हणतो खरं, पण तिच्यात माझा चेहरा कुठेही नाही. मालिका एका उडणाऱ्या हिरोची. जांभळा सूट, जांभळा मुखवटा, पाठीवर लाल कापड. मुखवटा काढल्यावर जो देखणा चेहरा दिसतो तो पुण्याच्या एका नटाचा. मुखवटा घालून गच्चीवरून, टाकीवरून, ट्रकच्या टपावरून जो खाली येतो तो मी. उडणं म्हणजे तारेला लटकवलेले दोन सेकंद. बाकी सगळं पडणं. नव्व्याण्णव भाग मी पडलो आणि नव्व्याण्णव वेळा मला एकच ताकीद मिळाली, कॅमेऱ्याकडे बघायचं नाही.

शूटिंग चालायचं दौंड तालुक्यात, भांडगावजवळ हायवेच्या आत असलेल्या एका बंद गोदामात. मी मूळचा शिरूरकडचा, निमोण्याचा. सुरुवातीला खाली गाद्या टाकायचे आणि गाद्यांखाली पुठ्ठ्याची रिकामी खोकी. तिसऱ्या भागात मी असा आपटलो की खांदा महिनाभर वर जात नव्हता. ते कळल्यावर आबा, म्हणजे माझे वडील, बघायला आले. कोरेगाव भीमाच्या बाजूला एका कारखान्यात त्यांनी वीसेक वर्षं पॅकिंगला काढली होती. त्यांनी माझ्या खांद्याकडे नंतर बघितलं, आधी खोकी बघितली. एका खोक्यावर चप्पल ठेवून दाबलं आणि तिथल्या माणसाला विचारलं, “ह्याची टेप कुनी तोडली न्हाई?”

“टेप तोडली तर खोकं उघडेल ना काका.”

“उघडायलाच पायजे. हवा आत कोंडली तर खोकं फुटत न्हाई, मानूस फुटतो.”

त्या दिवसापासून खोकी आबांची. सकाळी जुनी मोपेड काढायची, न्हावरे, पारगावचा पूल, चौफुला करत गोदामावर यायचं. एकेका खोक्याची टेप चाकूने तोडायची, मोठी खाली, लहान वर अशी चळत लावायची, भोवती दोरी आवळायची, वर ताडपत्री आणि गादी. मग स्वतः त्यावर चढून कडेकडेने चालून बघायचं. सगळं मनासारखं झालं की खाली उभं राहून उजवा हात वर करायचे आणि मोठ्यांदा हाक द्यायचे, “जय भीम!” मी वरून “जय भीम!” म्हणायचो आणि उडी टाकायचो.

हीच आमची खूण होती. कुणी ठरवली नव्हती. आमच्या घरात फोन उचलला की जय भीम, दारात कुणी आलं की जय भीम, मग उडी मारताना दुसरं काय म्हणणार? हळूहळू सगळ्या युनिटला ते पाठ झालं. जय भीम ऐकू आला की कॅमेरावाला सावध व्हायचा. दिग्दर्शकाने कधी हरकत घेतली नाही. आवाज नंतर पुण्यात भरायचे, त्यामुळे आबांची हाक टीव्हीपर्यंत पोचतच नव्हती. तेव्हा मला यात काही वावगं दिसलं नाही. आता दिसतं.

मग शंभरावा भाग आला. दिग्दर्शकाने सगळ्यांना गोल बसवून सांगितलं की हा भाग मॉक्युमेंटरी करायचा. म्हणजे दिसायला माहितीपट, आतून सगळं खोटं. हिरोच्या गावात एक कॅमेरा घेऊन मंडळी आलीत, लोक त्याच्याबद्दल मुलाखती देतायत, हिरो सकाळी दात कसे घासतो ते दाखवतायत, असा प्रकार. नव्व्याण्णव भाग ज्याच्याकडे बघायला बंदी होती त्या कॅमेऱ्यात आता सगळ्यांनी थेट बघायचं, आवाजही जागेवरच घ्यायचा. कल्पना मलाही आवडली, खोटं कशाला बोलू. त्यात तो म्हणाला, “आबांची पण एक मुलाखत घेऊ या. खोक्यांवर बोलू दे त्यांना.”

मी त्याच संध्याकाळी घरी फोन केला. “आबा, तुमच्या कामावर फिल्म करतायत.” आबांनी दोनदा विचारलं, माझ्या कामावर? दुसऱ्या दिवशी निमोण्यात केस कापून घेतले आणि लग्नाकार्याला घालायचा पांढरा शर्ट काढला.

मुलाखतीच्या आधी पाच मिनिटं सहायक दिग्दर्शिका माझ्याजवळ आली. गोड बोलायची बाई. “दादा, आबांना सांगू नका हं, हे कॉमेडी आहे ते. माहीत नसलं की फार नॅचरल येतं.” मी थांबवायला हवं होतं. मी होकारार्थी मान हलवली.

आबा खोक्यांच्या ढिगासमोर प्लॅस्टिकच्या खुर्चीत ताठ बसले. कॅमेरा सुरू झाला. त्यांनी दोन्ही हात जोडले. “जय भीम. मी निमोण्याचा...”

“कट!” दिग्दर्शक हसत हसत पुढे आला. “आबा, मस्त. फक्त सुरुवात जरा साधी करू या.”

दुसऱ्यांदा आबा पुन्हा जय भीमच म्हणाले. त्यांना वाटलं, आवाज लहान पडला असेल. या वेळी जास्त मोठ्याने म्हणाले. दिग्दर्शक माझ्याकडे वळला आणि हळू आवाजात म्हणाला, “विनोदी भाग आहे, उगाच वाद नको. न्यूट्रल ठेवू. तुम्हीच सांगा ना, तुमचं ऐकतील.”

न्यूट्रल! त्याच सकाळी गावचा पुढारी झालेल्या नटाने फेटा बांधून “राम राम मंडळी” म्हणत तीन वेळा शॉट दिला होता. त्याला कुणी थांबवलं नव्हतं. राम राम न्यूट्रल, आमच्या बापाचा जय भीम तेवढा वाद. हे मला तिथे, त्या क्षणी कळलं होतं. नंतर सुचलं असतं तर निदान मंद म्हणून स्वतःला माफ करता आलं असतं. कळूनही मी खुर्चीजवळ गेलो, वाकलो आणि म्हणालो, “आबा, नमस्कार म्हना.”

“का रं?”

“तसंच हाय स्क्रिप्टमंदी.”

स्क्रिप्ट नव्हतीच. आबांनी माझ्याकडे जरा वेळ बघितलं. मग शर्टाची कॉलर सारखी केली आणि कॅमेऱ्यात बघून म्हणाले, “नमस्कार.”

पुढे ते फार छान बोलले. टेप का तोडायची, खोकं कोपऱ्यावर का उभं करायचं नाही, पावसाळ्यात पुठ्ठा ओल धरतो तेव्हा काय करायचं. म्हणाले, “येवढी वर्सं खोकं फुटू नये म्हनून काम केलं. आता नीट फुटावं म्हनून करतो. वरनं पडतो तो माझा पोरगा हाय.” माझा ऊर भरून आला. शेजारी सहायक दिग्दर्शिका तोंडावर हात धरून हसू दाबत होती, तेही मी बघितलं.

भाग रविवारी संध्याकाळी लागणार होता. आबांनी आमच्या वस्तीवरच्या समाजमंदिरात टीव्ही लावून घेतला. सतरंज्या अंथरल्या, बाया पुढे, बापे मागे. आबा दाराशी उभे राहून येणाऱ्या प्रत्येकाला जय भीम घालत होते. मी मुद्दाम सुट्टी काढून आलो होतो.

आबा पडद्यावर आले आणि टाळ्या पडल्या. मग त्यांच्या छातीखाली पट्टी उमटली, ‘गावातले एक आबा. स्वतःला हिरोचे वडील समजतात.’

ज्यांना वाचता येत होतं ते गप्प झाले. आबा पडद्यावर म्हणाले, वरनं पडतो तो माझा पोरगा हाय, आणि लगेच तो देखणा नट दिसला, मुखवटा कपाळावर चढवून वडापाव खाताना. त्याने कॅमेऱ्याकडे बघितलं आणि कपाळाजवळ बोट गोल फिरवलं. म्हातारा सरकलाय. मग पुन्हा आबा, टेप का तोडायची ते सांगताना. पुन्हा तो नट, जांभई देताना. पुढे बसलेली लहान पोरं खदखदून हसली, त्यांच्या आयांनी त्यांना गप्प केलं. चाळीस सेकंदांत माझ्या बापाला वेडा ठरवून झालं. त्यांनी एक शब्द खोटा उच्चारला नव्हता. सगळ्या भागात खरं बोलणारा तेवढा एकच माणूस होता.

मला टीव्ही फोडावासा वाटला. तेवढ्यात आमच्या वस्तीवरचे सगळ्यात म्हातारे मामा मागून म्हणाले, “समदं ऱ्हाऊ द्या. तू जय भीम न्हाई म्हनला?”

सगळ्या माना आबांकडे वळल्या. मी तोंड उघडणार होतो. खरंच उघडणार होतो.

आबा म्हणाले, “इसरलो.”

“इसरलास?”

“लाइटीचा झोत व्हता मामा डोळ्यावर. इसरलो.”

झोपेतही जय भीमला ओ देणारा माणूस सगळ्या वस्तीसमोर आपण विसरलो म्हणाला. माझ्याकडे त्यांनी पाहिलंही नाही. मी उभा होतो तसाच उभा राहिलो. तो राग मी आजवर कुणाकुणावर काढला, पण तो कुणावरचा होता हे मला माहीत आहे.

दुसऱ्या दिवशी मी दिग्दर्शकाशी भांडलो. गळा बसेपर्यंत भांडलो. तो शांतपणे म्हणाला, “अहो, उलट सगळ्यात प्रेमळ सीन आहे तो. लोकांना आबा इतके आवडलेत.” मी म्हणालो, पट्टी काढा. तो म्हणाला, ती तर गंमत आहे, मॉक्युमेंटरीत असंच असतं. मी म्हणालो, आणि जय भीम? तो खरोखर गोंधळला. “ते तर तुम्हीच बदललंत ना?”

त्याच्यावर हात उगारायला मी मोकळा राहिलोच नव्हतो.

एकशे एकाव्या भागाला आबा येणार नाहीत असं मला वाटलं होतं. ते नेहमीच्या वेळेला आले. मोपेड लावली, चाकू काढला. मी म्हणालो, “आबा, कशाला आलात? जाऊ द्या ह्यांना खड्ड्यात.”

“पडनार कोन हाय?” त्यांनी विचारलं आणि टेपा तोडायला बसले.

त्या दिवशी गोदामाच्या गच्चीवरून उडी होती, आजवरची सगळ्यात उंच. मी सूट घालून कडेला उभा राहिलो. खाली आबा ताडपत्रीवरून कडेकडेने चालले, एका कोपऱ्यात थांबले, उतरून दोरी पुन्हा आवळली. मग मागे सरकले. उजवा हात वर केला.

“नमस्कार!” त्यांनी हाक दिली.

कॅमेरावाला दचकला. मी वरून ओरडलो, “जय भीम!” आबांचा हात तसाच वर होता. त्यांनी पुन्हा हाक दिली, तितक्याच मोठ्याने, “नमस्कार!”

मी उडी टाकली नाही. खालून दिग्दर्शक हातवारे करत होता, ऊन चाललंय म्हणत होता. मी मुखवटा काढला आणि लोखंडी शिडीने उतरलो. एवढ्या भागांत शिडीने खाली येण्याची ही पहिलीच वेळ. सगळं युनिट बघत होतं. मी आबांसमोर जाऊन हात जोडले. “जय भीम, आबा.”

“कॅमेरा चालू हाय,” आबा म्हणाले.

“असू दे चालू.”

“तवा बी चालूच व्हता की.”

एवढंच म्हणाले. आवाज चढवला नाही. येताना माझ्या पावलाने कडेचं एक खोकं चेपलं होतं, ते दोरीतून बाजूला काढलं आणि दुसऱ्याची टेप तोडून त्या जागी बसवलं. मग मला मानेने वर जा म्हणून खुणावलं.

मी पुन्हा गच्चीवर चढलो. मुखवटा घातला. खाली आबांनी ढीग एकदा बघितला आणि उजवा हात वर केला. बोलले काहीच नाहीत. मी वाट पाहिली. दिग्दर्शक ओरडला, तरी मी वाट पाहिली. हात वरच होता, तोंड बंद.

मी उडी टाकली. खोकी बरोबर फुटली.