माऊसच्या पोटातली माणसं

आमच्या भाऊंइतका संशयी माणूस साऱ्या जगात दुसरा नाही, असं तुम्ही भाऊंना सांगितलंत तर त्यावरही त्यांचा विश्वास बसायचा नाही. 'तुमाले कोनं सांगतलं?' असं ते आधी विचारतील, मग सांगणारा कुठला, त्याचा यात काय फायदा, तो हल्ली कुणासोबत फिरतो हे विचारतील, आणि एवढं सगळं सांगूनही तुमच्याकडे डोळे बारीक करून बघत राहतील. भाऊ म्हणजे माझे घरमालक आणि माझे साहेबही. अहेरीत त्यांचं रस्त्यावर तोंड केलेलं घर आहे. पुढच्या खोलीत ऑनलाइन फॉर्म भरून देण्याचं सेंटर, मधे ते आणि त्यांची बायको, म्हणजे आमच्या मावशी, आणि मागच्या खोलीत आम्ही भाडेकरू. माझा नवरा सूरजागडच्या खाणीकडे गाड्या दुरुस्त करतो आणि आठवडाभर तिकडेच असतो. मी साताऱ्याकडची, माण तालुक्यातली. आठवीत शाळा सुटली ती सुटलीच. इथं आले तेव्हा बोली कळत नव्हती, ओळखीचं कुत्रंही नव्हतं आणि 'कशी राहू?' एवढा एकच विचार असायचा. अशा बाईला भाऊंनी कामावर ठेवलं, कॉम्प्युटर शिकवला, खुर्ची दिली. येणाऱ्या प्रत्येकाची कागदपत्रं उजेडात धरून बघणाऱ्या या माणसानं माझ्याकडे मात्र एकही कागद मागितला नाही. मी एकदा घाबरत कारण विचारलं. ते म्हणाले, 'बाई, तुमी इतक्या दुरून आल्या, इथी तुमचं कोनीच नाई. म्हनजे तुमी कोनाशी मिळालेल्या नाई.' संशयातून एवढं भलं झालेली माणसं जगात थोडीच असतील, त्यांतली मी एक.

भाऊंची सगळी नोकरी सागवानाच्या डेपोवर गेली. तोडलेल्या प्रत्येक लाकडाच्या तोंडावर हातोड्यानं निशाणी ठोकलेली असते. निशाणी आहे तर माल कायद्याचा, नाही तर चोरीचा. भाऊंनी दोन्ही तोंडं बघितल्याशिवाय एकही गाडी नाक्यापार जाऊ दिली नाही म्हणतात. नोकरी संपली, पण नाका त्यांच्यासोबत घरी आला. घरातली बादली, केरसुणी, पाटा, वरवंटा, सगळ्यांवर लाल ऑइलपेंटचा ठिपका आहे. लग्नाला जाताना चपलांच्या तळालाही ठिपका. कोंबड्याच्या पायाला लावायला गेले तेव्हा त्यानं चोच मारली, तर भाऊ आठ दिवस म्हणत होते, 'काहीतरी लपवून राह्यला तो.' आठवडी बाजारात मासे घ्यायला गेले की आधी 'कोनत्या तलावाचा?' असं विकणाऱ्या बाईला विचारायचं, मग तोच प्रश्न तिच्या नवऱ्याला वेगळा बाजूला घेऊन विचारायचा, आणि दोघांचं उत्तर जुळलं तर 'ठरवून आले दोघं' म्हणून मासे न घेताच परत यायचं. मावशी सांगतात, त्यांच्या लग्नात मंगलाष्टकं संपली, अंतरपाट दूर झाला, वाजंत्री सुरू झाली, आणि नवरदेव हातात हार तसाच धरून उभा. 'मले वाटलं लाजून राह्यला. तं हा मानूस माह्या बापाले विचारते, हीच होय ना?' मावशी हे सांगताना अजून हसतात, आणि भाऊ अजून गंभीरपणे म्हणतात, 'विचारलं तं काय बिघडलं? नंतर कोन बदलून देते?'

अशा माणसाच्या घरात तो माऊस आला. माझ्या आधी मागच्या खोलीत खाणीवरचा एक तरुण इंजिनीअर राहायचा. त्याची बदली झाली आणि जाताना आपला गेम खेळायचा माऊस तो भाऊंना देऊन गेला. मुठीएवढा मोठा, अंगठ्यापाशी जादा बटणं, पोटातून निळा-लाल उजेड. मी कामाला लागल्यावर सेंटरचा जुना माऊस मेला, म्हणून भाऊंनी तो लावला खरा, पण 'फुकट काऊन दिला?' हा प्रश्न त्यांनी मला, मावशींना, पोस्टमनला आणि दोनदा स्वतः माऊसला विचारला. मग मावशींच्या नेलपॉलिशचा एक ठिपका त्याच्या पाठीवर देऊन त्यांनी त्याला घरात घेतला.

या माऊसचं एक सॉफ्टवेअर असतं. कुठलं बटण दाबलं की काय व्हावं, बाण किती जोरात पळावा, दिवा कुठल्या रंगाचा, हे सगळं त्यात ठरवायचं आणि एका नावाखाली साठवून ठेवायचं. त्या साठवणीला प्रोफाइल म्हणतात. खेळणारा माणूस एकेका खेळासाठी एकेक प्रोफाइल करून ठेवतो. हे मला आज इतकं सरळ सांगता येतं. तेव्हा आम्हा दोघांनाही काही कळत नव्हतं. आम्ही ते सॉफ्टवेअर उघडलं तर आत नावांची रांग: स्नायपर, किंग, नाईट हंट. भाऊंनी चष्मा चढवला. 'हे कोन होय?' मी म्हटलं, प्रोफाइल लिहिलंय. फेसबुकवर माणसाचं प्रोफाइल असतं, एवढं भाऊंना ठाऊक होतं. 'म्हनजे मानसं होय. आपल्या माऊसमंधी तीन मानसं बसून हायेत बाई, आन् आपल्याले खबर नाई.' नाईट हंटचा अर्थ मी गूगलवर बघून सांगितला, रात्रीची शिकार, आणि तिथंच चुकलं. जंगल खात्यात जन्म काढलेला माणूस तो. खुर्चीवरून उठून त्यांनी आधी दाराची कडी लावली.

तरी एवढ्यावर भागलं असतं. पण दोन दिवसांनी तलावावर मासेमारी करणाऱ्या घरातली एक बाई योजनेचा फॉर्म भरायला आली. फॉर्म भाऊ स्वतः भरत होते. पतीचं नाव टाकून झालं, आणि अंगठा बाजूच्या बटणावर पडला. नावापुढे आपोआप इंग्रजीत अक्षरं उमटली: गेम ओव्हर. इंजिनीअरनं खेळताना समोरच्याला चिडवायला ते वाक्य बटणावर बांधून ठेवलं होतं, हे आम्हाला पुढे कळलं. बाईसोबत तिची पोरगी आली होती, तिनं ते मोठ्यानं वाचलं आणि अर्थही सांगितला, खेळ खलास. बाईनं कपाळाला हात लावला. 'अवो भाऊ, मानूस बाहेर बिडी पिऊन राह्यला माहा! जित्ता हाय तो!' माणूस आत येऊन उभा राहिला, स्वतःचं नाव बघून म्हणाला, 'भाऊ, तुमाले कोनं सांगतलं?' भाऊंचा प्रश्न भाऊंनाच कुणी विचारल्याची ही पहिलीच वेळ असावी.

ती माणसं गेल्यावर भाऊंनी माऊस उलटासुलटा करून बघितला. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, 'या माऊसले हात लावणारे आपुन दोघंच.' झालं.  हे काम गेलं तर खोलीही जाणार, नवरा खाणीवर, आणि मी कुठं जाऊ? मी सॉफ्टवेअर उघडून घाबरत घाबरत शोधलं. नावापुढे तीन ठिपके होते, ते दाबले की काढून टाका असं येत होतं. स्नायपर काढला. किंग काढला. नाईट हंट निघेना, कारण सध्या तोच चालू होता. आधी दुसरं प्रोफाइल चालू करायचं, मग तो निघतो. भाऊ मागून बघत होते. 'बसलेला मानूस उठल्याबिगर निघत नाई, बराबर हाय.' शेवटी डिफॉल्ट नावाचं एकच राहिलं, ते काही केल्या निघत नाही. भाऊ म्हणाले, 'तो मालक दिसते. राहू द्या.' आणि संध्याकाळी माऊसची वायर काढून, रुमालात गुंडाळून त्यांनी तो लोखंडी कपाटात टाकला. चावी करदोट्याला.

सकाळी त्यांनीच माऊस काढून लावला. स्नायपर, किंग, नाईट हंट. तिघंही हजर.

भाऊंनी माझ्याकडे असं बघितलं की मी न केलेल्या गोष्टीचीही माफी मागायच्या बेतात होते. मी परत काढले. भाऊंनी परत कपाटात ठेवला. सकाळी परत तिघं. मग भाऊंनी खास नाक्याची पद्धत वापरली: माऊस फडक्यात बांधला, गाठ सुतळीनं शिवली, शिवणीवर लाल पेंट फासला. सकाळी गाठ तशीच, पेंट तसाच, कपाट बंद. वायर लावली, आणि तिघं आपले जागेवर. मला वाटलं आता भाऊ मला जायला सांगतील. पण ते खुर्चीत बसले आणि हळूच म्हणाले, 'कपाट माहं. चावी माही. गाठ माही. मंग बाई, मीच होय का?'

मला आधी हसू आलं. मग त्यांचं तोंड बघितलं. 'मीच आनून ठेवतो आन् मलेच आठवत नाई, असं तं नाई ना? माहा मोठा भाऊ असाच गेला बाई. आधी चावी विसरला, मंग वाट विसरला, मंग आमाले. शेवटी शेवटी मले म्हने, तुमी कोनत्या डेपोचे?' एवढं बोलून ते मधल्या खोलीत जाऊन भिंतीकडे तोंड करून पडले. मावशींनी भात वाढला, तो तसाच राहिला. मावशी दारात येऊन मला म्हणाल्या, 'ते माह्यावर संशय घेते, तुमच्यावर घेते, कोंबड्यावर घेते, ते चालते. सोतावर नोको घ्याले.' मला आयुष्यात पहिल्यांदा कुणी विश्वासानं खुर्ची दिली होती, तो माणूस स्वतःच्याच डोक्याला घाबरून पडला होता, आणि मी आठवीत शाळा सुटलेली बाई, करणार काय?

मी ती तिन्ही नावं परत काढली, दुसरं सुचेना म्हणून. आणि मग केर काढायला लागले, कारण घाबरले की मी केर काढते. टेबलाखालून केरसुणी ओढताना तिच्यात वायर अडकली आणि माऊस कॉम्प्युटरपासून सुटला. मी गडबडीनं परत लावला. माझ्या डोळ्यांदेखत एकेक नाव रांगेत येऊन बसलं. मी वायर परत काढली. परत लावली. परत आले. मी ओरडलेच, 'भाऊ, इकडं या! तुम्ही नाही! मीही नाही!'

भाऊ आले. मी दाखवलं. त्यांनी मला बाजूला केलं आणि स्वतः वायर काढून लावली, मग मावशींना लावायला सांगितली, मग मावशींना दाराबाहेर उभं करून परत स्वतः लावली. नंतर आम्ही तिघांनी डोकी जवळ आणून बघितलं, तेव्हा सॉफ्टवेअरच्या एका कोपऱ्यात माऊसचं छोटं चित्र सापडलं. ते दाबलं तर दुसरी यादी निघाली. म्हणजे प्रोफाइल दोन ठिकाणी राहतात: काही कॉम्प्युटरमध्ये, काही खुद्द माऊसच्या पोटात. मी रोज कॉम्प्युटरमधली काढत होते, आणि भाऊ रोज जपून ठेवायला वायर काढत होते. सकाळी लावली की माऊस आपल्या पोटातली परत वर आणून ठेवायचा. वायर तशीच राहिली असती तर कुणीच आलं नसतं. आम्ही पोटातली यादीही साफ केली. नाईट हंटला निरोप देताना भाऊंनी डोळे मिटले. वायर काढली, लावली. कुणी आलं नाही. भाऊंनी त्या रिकाम्या जागेवर बोट फिरवून बघितलं. 'म्हनजे मी विसरलो नोतो,' ते म्हणाले. 'हा विसरत नोता.' मग आत गेले, आणि गार झालेला भात कालवून सगळा खाल्ला. मावशींनी वाढताना विचारलं, 'अजून घेता?' तर म्हणाले, 'तांदूळ कोनाकडचा होय?' मावशी तोंडाला पदर लावून हसल्या.

माझं काम राहिलं, खोली राहिली. त्यालाही आता बरेच दिवस झाले. मधे एका सकाळी भाऊ चष्मा पुसत म्हणाले, 'बाई, या माऊसमंधी कोनी तीन मानसं हायेत म्हन्ते. ते काहाडाले पायजे.' मला वाटलं थट्टा. मी म्हटलं, 'भाऊ, आपण काढली की. तुम्हीच तर वायर लावून बघितली होती.' ते थांबले. 'मी?' म्हणाले. त्यांचं तोंड पुन्हा तसंच झालं, भिंतीकडे वळण्याआधी झालं होतं तसं. मी वायर काढून लावून दाखवली, पण त्यांनी माऊसकडे बघितलंच नाही, स्वतःच्या हातांकडे बघत बसले. दिवसभर कुणाला कागद मागितला नाही. एक अनोळखी माणूस पाण्याची मशीन विकायला आला, त्यालाही 'चांगला दिसते' म्हणाले. 

आता दर आठ-पंधरा दिवसांनी ते हेच विचारतात, पण मी शहाणी झालेय. कालच आले, मागं हात बांधून, डोळे बारीक करून. 'बाई, ते तिघं परत परत कसे येते? खरं सांगा, तुमीच तं नाई ना आनून ठेवत?' पूर्वी या नजरेनं माझा जीव अर्धा व्हायचा. काल बरं वाटलं. मी मान खाली घालून म्हटलं, 'असेल भाऊ. माझ्याच हातून राहिलं असेल काहीतरी.'

भाऊंनी मोठा श्वास सोडला, खुर्ची ओढली आणि माझ्याशेजारी ऐटीत बसले. 'तरी म्हनलं मी!' म्हणाले. 'काहाडा आता. माह्या समोर काहाडा.'